फाळक्यांचा वाटाणा आणि एका मिनिटाचा हिशेब

दादासाहेब फाळके म्हटले की 'राजा हरिश्चंद्र' आठवतो. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या गिरगावातील कॉरोनेशन सिनेमात तो लोकांसाठी लागला आणि भारतीय कथापटाचा इतिहास तिथून मोजला जाऊ लागला. परंतु त्याच्या आधी, १९१२ च्या सुमारास, फाळक्यांनी एक अगदी छोटा चित्रपट केला होता. त्यात राजा नव्हता, राणी नव्हती, संवादाच्या पाट्याही नव्हत्या. एका कुंडीत पेरलेला वाटाणा हेच त्यातले एकमेव पात्र. दाणा रुजतो, अंकुर वर येतो, पाने फुटतात, वेल चढू लागते, एवढेच त्याचे कथानक. 'अंकुराची वाढ' या नावाने तो ओळखला जातो. आपल्याकडचा पहिला विज्ञानपट कोणता, असे कोणी विचारले तर आम्ही बेधडक याचेच नाव सांगू.

या चित्रपटाची गोष्ट पुस्तकांतून आणि लेखांतून साधारण अशी येते. फाळक्यांना चित्रपट काढायचा होता, पण भांडवल नव्हते. चलत्‌चित्र म्हणजे काय आणि ते आपल्याला काढता येते, हे पैसे देऊ शकणाऱ्यांना पटवायचे होते. म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभर रोज एक चित्र घेतले. त्यातून मिनिटभराहून थोडा अधिक लांबीचा चित्रपट तयार झाला. तो पाहून यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहरे यांच्यासारखी मंडळी प्रभावित झाली आणि पैशाची सोय झाली.

गोष्ट सुरेख आहे. आम्हीही ती अनेकदा वाचली आहे. परभणी जिल्ह्यातील चारठाण्याच्या एका शिक्षकांचे मध्यंतरी पत्र आले नसते, तर पुढेही तशीच वाचत राहिलो असतो. त्यांनी ही गोष्ट सातवीच्या वर्गात सांगितली. चित्रपटात चित्रे हलत नाहीत, ती एकामागून एक भराभर दाखवली जातात, हे त्यांनी आदल्याच दिवशी वहीच्या कोपऱ्यावर चित्रे काढून दाखवले होते. मूकपटाच्या काळी सेकंदाला साधारण १६ चित्रे दाखवत, हेही सांगितले होते. एका मुलीने लगेच भागाकार केला. महिन्याचे दिवस ३०, चित्रे ३०. तीस भागिले सोळा. "म्हणजे दोन सेकंदसुद्धा नाही, सर. मग मिनिटाचा सिनेमा कसा?"

सरांनी हा प्रश्न आमच्याकडे पाठवला. तो इतका सरळ आहे की इतकी वर्षे फारसा कोणाला पडला कसा नाही, याचेच नवल वाटते. कदाचित फाळक्यांवर लिहिणारे चित्रपटप्रेमी होते आणि त्यांचे लिखाण वाचणारे विज्ञानवाले भक्तिभावाने वाचत होते, म्हणून असेल.

तर हिशेब नीट मांडू. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रे बसतात. सेकंदाला १६ चित्रे, म्हणजे सेकंदाला एक फूट फिल्म. मिनिटाला ६० फूट आणि ९६० चित्रे. रोज एक याप्रमाणे महिन्याची ३० चित्रे म्हणजे दोन फुटांहूनही कमी फिल्म. ती प्रक्षेपकातून गेली तर पडद्यावर काहीतरी लपकन हलले एवढेच प्रेक्षकाला कळेल. तेवढ्यावर कोणी कर्ज देईल असे वाटत नाही. उलट, मिनिटभराचा चित्रपट खरा मानला तर ९६० चित्रे ३० दिवसांत वाटावी लागतात. रोजची झाली ३२.

ही ३२ चित्रे दोन तऱ्हांनी घेता येतात. पहिली तऱ्हा म्हणजे ठरावीक अंतराने एकेक चित्र घेणे. रात्रंदिवस घ्यायची तर दर ४५ मिनिटांनी एक, फक्त बारा तासांच्या उजेडात घ्यायची तर साधारण दर २२-२३ मिनिटांनी एक. दुसरी तऱ्हा सोपी आहे. त्या काळचे कॅमेरे हाताने मुठा फिरवून चालत. मुठ्याच्या एका फेऱ्यात सहसा आठ चित्रे उमटत आणि छायाचित्रकार सेकंदाला दोन फेरे या लयीत मुठा फिरवी. तेव्हा रोज सकाळी कॅमेऱ्यापाशी जायचे, चार फेरे द्यायचे आणि निघून यायचे. दिवसाला दोन सेकंदांची फिल्म, महिन्याची मिनिटभर. 'रोज एकदा चित्र घेतले' आणि 'मिनिटभराचा चित्रपट झाला' ही दोन्ही विधाने अशी एकाच वेळी खरी ठरू शकतात.

दोन्ही चित्रपटांची लांबी एकच, पण पडद्यावर दिसणारी गोष्ट मात्र सर्वस्वी वेगळी. दुसऱ्या तऱ्हेने काढलेल्या चित्रपटात रोप दोन सेकंद स्तब्ध उभे राहील, मग एकदम उडी मारून थोडे उंच होईल, पुन्हा दोन सेकंद स्तब्ध. पहिल्या तऱ्हेत ते सरसर चढताना दिसेल. एकात रोपाची तीस छायाचित्रे आहेत, दुसऱ्यात रोपाची हालचाल आहे.

हा फरक किती मोठा आहे हे कळण्यासाठी वाढीचा वेग पाहावा. महिन्यात रोप ३० सेंटिमीटर वाढले असे धरू, म्हणजे दिवसाला एक सेंटिमीटर. सेकंदाला मिलिमीटरचा सुमारे ८,६०० वा भाग. घड्याळाचा मिनिटकाटा सरकताना आपल्याला जेमतेम दिसतो, तर हे दिसण्याची आशाच नको. महिना मिनिटात बसवला की काळ ४३,२०० पट आकसतो आणि तीच वाढ पडद्यावर सेकंदाला अर्धा सेंटिमीटर होते. सावकाश चालणाऱ्या अळीचा हा वेग. डोळ्याला तो सहज पकडता येतो. मिनिटाऐवजी दोन सेकंदांत बसवला असता तर सेकंदाला १५ सेंटिमीटर, म्हणजे रोपाऐवजी नुसता फटकारा. एक मिनिट ही लांबी फाळक्यांनी गणिताने ठरवली की अंदाजाने, ते बाजूला ठेवू. पण ती अचूक आहे.

फाळक्यांचा आधीचा प्रवास पाहिला तर इतका खटाटोप त्यांनी केला असेल यावर विश्वास बसतो. १८७० मध्ये त्र्यंबकेश्वरी जन्म. मुंबईचे जे. जे. स्कूल, मग बडोद्याचे कलाभवन. चित्रकला, छायाचित्रण, ठसे बनवणे, छपाई असे एकेक तंत्र शिकत आणि एकेक धंदा सोडत ते चाळिशीला पोचले. पुरातत्त्व खात्यासाठी काम केले, राजा रविवर्म्याच्या छापखान्यासाठी काम केले, यंत्रे पाहायला १९०९ मध्ये जर्मनीला जाऊन आले. शिवाय ते जादूगार होते. आपल्या आडनावाची अक्षरे उलटी करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने ते प्रयोग करीत. १९११ मध्ये मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि मग ते दिवसरात्र चित्रपटांच्या मागे लागले. इतके, की डोळे बिघडले आणि काही काळ दिसेनासे झाले. उपचारांनी दृष्टी परत आली. विम्याच्या पॉलिसी तारण ठेवून दहा हजार रुपये उभे केले आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडन गाठले. तिथे सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत काही दिवस काम पाहिले, विल्यमसन कंपनीच्या कॅमेऱ्याची आणि फिल्मला भोके पाडणाऱ्या यंत्राची खरेदी केली आणि १ एप्रिलला परत आले. कोरी फिल्म तेव्हा भोकांशिवाय येई. अंधारात बसून तिला कडेने भोके पाडणे आणि पुढची धुलाई ही कामे घरात सरस्वतीबाई फाळके करू लागल्या. त्या काळात या देशात अशा कामाला हात लावलेल्या स्त्रिया किती असतील! इतिहासात त्यांचे नाव दागिने गहाण ठेवणारी पत्नी म्हणून येते. चित्रपटाच्या प्रयोगशाळेतील तंत्रज्ञ म्हणून ते आधी यायला हवे.

वाटाणा हे थंडीचे पीक, हेही जाता जाता सांगून ठेवू. फाळक्यांनी लंडनहून परतल्यावर लगेच मुंबईच्या उन्हाळ्यात वाटाणे लावले असतील, तर रोप उगवले असेल, पण शेंगा धरण्याइतके ते रमले नसते. पण फाळक्यांना शेंगा नकोच होत्या, वाढ हवी होती.

कॅमेरा आपल्याकडे त्यांच्याआधीच आला होता. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची चलत्‌चित्रे दाखवली गेली. ती पाहून हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले. भारतीयाने केलेला हा पहिला वास्तवपट. १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे केंब्रिजहून मायदेशी परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचेही चित्रण सावे दादांनी केले. आपल्या सुरुवातीच्या वास्तवपटांपैकी एकाचा नायक गणिती आहे, याचा गणिताच्या शिक्षकांनी अवश्य अभिमान बाळगावा. परंतु कुस्ती काय आणि स्वागत काय, डोळ्यांना जे दिसत होते तेच कॅमेऱ्याने टिपले होते. फाळक्यांनी वाटाण्यापुढे कॅमेरा ठेवला तो डोळ्यांना जे दिसत नाही त्यासाठी.

असे करणारे ते जगात पहिले नव्हते. जर्मनीतील लाइपझिग येथे वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म फेफर यांनी १८९८ ते १९०० च्या दरम्यान ट्यूलिपचे उमलणे, लाजाळूच्या पानांच्या हालचाली असे प्रयोग चलत्‌चित्रांत उतरवले होते. लंडनमध्ये पर्सी स्मिथ नावाच्या, शिक्षण खात्यात कारकुनी केलेल्या गृहस्थाचा फुले उमलण्याचा चित्रपट १९१० मध्ये आला आणि लोकांना तो फार आवडला. त्याही आधी, कॅमेऱ्याशिवाय, चार्ल्स डार्विन यांनी हेच केले होते. रोपाच्या शेंड्याला काचेचा बारीक तंतू चिकटवायचा, पुढे काच धरायची, थोड्या थोड्या वेळाने तंतूच्या टोकाची जागा काचेवर ठिपक्याने नोंदवायची आणि ठिपके रेघांनी जोडायचे. १८८० मध्ये प्रसिद्ध झालेल्या वनस्पतींच्या हालचालींवरील त्यांच्या ग्रंथात अशा वेड्यावाकड्या रेघांच्या आकृत्या पानोपानी आहेत.

वाटाणा डार्विन यांच्याही आवडीचा. वाटाण्याच्या वेलीचा शेंडा आणि त्याचे तणावे हवेत सावकाश गोल फिरत असतात, आधार सापडेपर्यंत. एक फेरा साधारण दीड तासाचा. आता आपल्या हिशेबाकडे पुन्हा येऊ. फाळक्यांनी दर ४५ मिनिटांनी चित्र घेतले असते तरी एका फेऱ्यात जेमतेम दोन चित्रे आली असती. तणावा एकदा या बाजूला, एकदा त्या बाजूला. तो फिरतो आहे हे त्यावरून कळले नसते, नुसता थरथरताना दिसला असता. चित्रपटात धावत्या टांग्याचे चाक कधी कधी उलटे फिरताना दिसते ना, त्याचे कारण हेच. जे फिरते त्याच्या एका फेऱ्यात दोनाहून अधिक नोंदी घेतल्या नाहीत, तर नोंद खोटे बोलते. आणि रोज सकाळी आठला एकच चित्र घेणाऱ्याला दुसरीच फसगत भोगावी लागते. चिंच किंवा भुईमूग घेतला तर पाने रात्री मिटतात हे त्याच्या चित्रपटात कधीच दिसणार नाही, कारण त्याचा कॅमेरा रात्री तिथे कधी नव्हताच. तो सांगेल, पाने सदैव उघडी असतात. त्याचा प्रत्येक पुरावा खरा आणि निष्कर्ष चुकीचा.

इथे मामला विज्ञानातून तत्त्वज्ञानात शिरतो. आपल्याकडच्या नैयायिकांनी ज्ञानाची साधने वेगळी करून ठेवली आहेत. प्रत्यक्ष निराळे आणि अनुमान निराळे. कालचे रोप बोटभर होते, आज दोन बोटे आहे, म्हणून ते वाढले, हे अनुमान. वाढताना कोणी पाहिले? कोणीच नाही. मग पडद्यावर दिसते ते काय म्हणायचे? डोळ्यांना तर ते प्रत्यक्ष वाटते. पण पाहतो आहोत त्या ९६० स्थिर चित्रांमध्ये वाढ कुठेच नाही. दोन चित्रांमधली जागा आपले मन भरून काढते. बौद्ध दार्शनिकांनी दिव्याच्या ज्योतीचे उदाहरण देऊन हेच म्हटले होते. क्षणाक्षणाला नवी ज्योत असते, 'तीच ज्योत' हा आपला भास. त्यांना चित्रपटाची फीत हातात मिळाली असती तर वादात त्यांनी ती नक्की पुढे केली असती. त्यावर नैयायिकांनी दिलेले उत्तरही आम्ही कल्पू शकतो. फिल्मचे राहू द्या, कुंडीतले रोप तर रात्रभर खरोखरच तिथे होते ना?

हा वाद जुना झालेला नाही. इटलीतील पडुआ विद्यापीठातील संशोधकांनी अलीकडच्या वर्षांत वाटाण्याच्याच रोपांचे असे चित्रण केले आहे. जवळ काठी असली की तणाव्यांची हालचाल कशी बदलते, काठी जाड की बारीक याने काय फरक पडतो, हे ते मोजतात. रोप काठीकडे 'हेतूने' जाते असे म्हणावे का, यावर शास्त्रज्ञांत मतभेद आहेत. आमचा कल सावधपणाकडे आहे. काळ हजारो पटींनी आकसला की कोणतीही हालचाल आपल्याला सहेतुक वाटू लागते. पडद्यावर चाचपडणारा तणावा आंधळ्याच्या हातासारखा दिसतो, आणि दिसणे म्हणजे असणे नव्हे. जगदीशचंद्र बोस यांनी या दोहोंमधला तोल सांभाळला होता. वनस्पतीच्या वाढीची गती हजारो पटींनी मोठी करून दाखवणारे यंत्र त्यांनी बनवले, आणि वनस्पतीला काय वाटते याबद्दल बोलण्याआधी ती किती हलते हे मोजून दाखवले.

फाळक्यांनी दोन तऱ्हांपैकी कोणती वापरली? 'अंकुराची वाढ' आज पाहायला मिळत नाही, त्यामुळे फिल्म मोजून निकाल लावता येत नाही. आमचा कौल पहिल्या तऱ्हेकडे आहे. मुठ्याच्या एका फेऱ्यात एकच चित्र उमटेल अशी सोय त्या काळच्या अनेक कॅमेऱ्यांत असे. पुढे याच एकेका चित्राच्या युक्तीने फाळक्यांनी 'आगकाड्यांची मौज' या चित्रपटात काड्यांना नाचवले. शिवाय ते जादूगार. धक्के खात वाढणारे रोप दाखवून प्रेक्षक थक्क होत नाहीत, हे त्यांना कोणी सांगायची गरज नव्हती. याचा अर्थ असा की एकेचाळीस-बेचाळीस वर्षांचा, नुकत्याच डोळ्यांच्या दुखण्यातून उठलेला, कर्जबाजारी माणूस महिनाभर दिवसातून कित्येक वेळा एका कुंडीपुढे जाऊन एकेक चित्र घेत होता. 'रोज एक चित्र' या वाक्यात हे कष्ट पार पुसले जातात. चारठाण्याच्या त्या मुलीच्या भागाकाराने ते परत आणले.

पुढे फाळके पौराणिक चित्रपटांत रमले. अधूनमधून त्यांनी वास्तवपटही केले. तळेगावच्या काच कारखान्यावर एक केला, आणि चित्रपट कसे तयार करतात हेच दाखवणाराही एक केला. त्यात ते स्वतः काम करताना दिसतात. परंतु निसर्ग आणि विज्ञान यांच्याकडे असा कॅमेरा वळवण्याची वाट आपल्याकडे रुंद झाली नाही. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन निघाले. मुख्य चित्रपटाआधी त्यांचा अनुबोधपट दाखवणे थिएटरांना सक्तीचे होते. तंबूतल्या टॉकीजमध्ये तो लागला की लोक शेंगा घ्यायला बाहेर जात, हे अनेक वाचकांना आठवत असेल. त्यांतले काही फार चांगले होते. २०२२ मध्ये ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. १९८९ मध्ये चंदिता मुखर्जी यांची 'भारत की छाप' ही तेरा भागांची मालिका दूरदर्शनवर आली. भारतातील विज्ञानाच्या इतिहासावर इतक्या विचारपूर्वक केलेले काम नंतर क्वचितच पाहायला मिळाले.

चारठाण्याच्या सरांनी पत्राच्या शेवटी विचारले होते की शाळेत हा प्रयोग करायचा तर कशावर करावा. त्यांच्याजवळ मोबाईल आहे, तो ठेवायला लाकडी घोडी आहे, आणि गाव असे की विषयांना तोटा नाही. जिंतूर तालुक्यातले हे गाव जुन्या दगडी मंदिरांसाठी प्रसिद्ध आहे. तिथे कोरीव नक्षीचा उंच स्तंभ आहे आणि गोकुळेश्वर मंदिराची पायऱ्यापायऱ्यांची बारव आहे. आम्ही त्यांना कळवले ते असे. तणावे पाहायचे असतील तर वाटाण्यासाठी थंडीची वाट पाहू नका, पावसाळ्यात कुंपणावर दोडका किंवा कारले असतेच. दर पाच मिनिटांनी एक चित्र घ्या, शेजारी काठी रोवा, मागे पांढरा कागद लावा, आणि वारा अडवा, नाहीतर वाऱ्याचीच हालचाल वेलीच्या नावावर जमा होईल.

स्तंभाची सावली आठ तास चित्रित करा, सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच, दर दोन मिनिटांनी एक. चित्रे होतील २४०, सेकंदाला १६ च्या वेगाने १५ सेकंद. आणि बारवेत पाणी असेल, तर पावसाळा ओसरल्यावर तिच्या पाण्याचे रोज एक चित्र घ्या, त्याच जागेवरून, त्याच वेळी. इथे रोज एक पुरते. पाणी पायरीपायरीने उतरते आणि पायऱ्या हीच मोजपट्टी. ऑक्टोबरच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत २४० दिवस होतात. तीही २४० चित्रे आणि तेही १५ सेकंद. दोन्ही चित्रपट मुलांना एकापाठोपाठ एक दाखवा आणि कोणत्यात किती वेळ गेला ते विचारा. सुट्टीच्या दिवशी चित्र घ्यायला कोण जाणार, हे मात्र आधीच ठरवून घ्या.